चौदा इंचांचं अपील

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये, असं म्हणतात. चढलेल्यानं ती उतरावी कशी, याबद्दल मात्र एकही म्हण नाही. म्हणी करणारे सगळे शहाणे असल्यामुळे कधी चढलेच नसावेत, आणि जे चढले त्यांना तारखांमधून म्हण करण्याइतकी उसंत मिळाली नसावी. त्यामुळे मापसाहेबांनी आपलं सहा वर्षांचं अपील मागे घ्यायचं ठरवलं, तेव्हा आधाराला वाडवडिलांचं एक वाक्यसुद्धा त्यांच्या हाताशी नव्हतं.

मापसाहेब म्हणजे वजनमाप खात्यातून निवृत्त झालेले निरीक्षक. तेहेतीस वर्षं त्यांनी दुकानदारांचे तराजू तपासले, घासून हलकी केलेली वजनं जप्त केली आणि घरी येऊन साखरेचा पुडा पुन्हा तोलला. गल्लीतल्या कुठल्याही पोराची उंची त्यांनी भिंतीवर रेघ मारल्याखेरीज कुणी खरी धरत नसे. असा माणूस शेजारच्या शिवणबाईंशी चौदा इंचांसाठी नऊ वर्षं भांडतो, तेव्हा लोक त्याला भांडखोर म्हणत नाहीत. काटेकोर म्हणतात.

भांडण असं होतं. दोन घरांच्या मध्ये एक बोळ, तो साहेबांच्या मालकीचा. पलीकडे शिवणबाईंचं घर, आणि बोळाला लागून त्यांची शिवणाची खोली. बाईंची जागा कागदावर तीस फूट रुंद. निवृत्तीच्या दुसऱ्याच आठवड्यात साहेबांनी ती मोजली, कारण निवृत्त माणसाला हाताला काहीतरी काम लागतंच. जागा भरली एकतीस फूट दोन इंच. म्हणजे बाईंची भिंत चौदा इंच बोळात आली होती. साहेबांनी त्या चौदा इंचांचा कब्जा मागणारा दावा लावला. कोर्टानं आपला मोजणीदार पाठवला, त्याच्या टेपनं जागा बरोबर तीस फूट भरली, आणि तीन वर्षांनी दावा फेटाळला गेला. साहेबांनी अपील केलं. अपिलात एकेचाळीस मुद्दे होते. त्यांतले अडतीस, मोजणीदाराच्या टेपवर खात्याचा शिक्का नव्हता आणि साहेबांच्या टेपवर होता, या एकाच गोष्टीबद्दल होते.

या सगळ्यात एक बारीकशी गोष्ट बोलायची राहून जाई, ती म्हणजे खिडकी. दावा लागला तेव्हा शिवणबाईंनी बोळाच्या बाजूच्या भिंतीत खिडकीसाठी भगदाड पाडून घेतलं होतं, फक्त चौकट बसायची होती. कोर्टानं हुकूम दिला, सगळं जैसे थे ठेवा. भगदाडावर फळ्या ठोकल्या गेल्या, त्या गेल्याच. नऊ वर्षं शिवणबाई भर दुपारी दिवा लावून सुईत दोरा ओवत होत्या. साहेबांना बोळातून जाताना फटीतून तो दिवा दिसे. कायदा तो कायदा, असं मनाशी म्हणून ते पुढे जात.

आणि मग घरात लिनोलियम आलं.

व्हरांड्यात पाय गार पडतात म्हणून काकूंनी, म्हणजे साहेबांच्या पत्नीनं, लिनोलियम घालायचं काढलं. साहेबांनी माप घेतलं. टेप तीच, शिक्क्याची, पितळी मुठीची, चामड्याच्या डबीतली, निवृत्तीच्या दिवशी कचेरीनं समारंभपूर्वक भेट दिलेली. व्हरांडा बावीस फूट भरला. दुकानदारानं बावीस फूट तुकडा कापून पाठवला. तो अंथरला तर पलीकडच्या भिंतीवर चढून बसला. काकू म्हणाल्या की जास्तीचा कापून पायपुसणं करू. साहेबांना ते पटलं नाही. कमी देणं हे जसं खोटं माप, तसं जास्त देणं हेही खोटंच माप, असं त्यांचं तेहेतीस वर्षांचं मत होतं. ते टेप घेऊन दुकानात गेले आणि आपल्याला जास्त माल दिल्याबद्दल त्यांनी दुकानदाराची भर गिऱ्हाइकांत हजेरी घेतली.

दुकानदार बिचारा नरमला. त्याच्या धंद्याच्या उभ्या आयुष्यात अशी तक्रार आली नव्हती. त्यानं आपली टेप काढली, साहेबांची टेप शेजारी जमिनीवर पसरली, आणि दोघं गुडघ्यांवर बसून पाहू लागले. सहा फूट चार इंचांपर्यंत दोन्ही टेपा सख्ख्या भावांसारख्या सोबत गेल्या. तिथे साहेबांच्या टेपवर एक पितळी पट्टी ठोकलेली होती, नखाएवढी, नीट घासून चकचकीत केलेली. पट्टीच्या अलीकडे सहा फूट चार होतं आणि पलीकडे सात फूट सहा. टेप कधीतरी तुटली होती, मधला तुकडा गेला होता, आणि कुणीतरी दोन टोकं जोडून दिली होती. सहा फुटांच्या आत ती सोन्यासारखी खरी होती. त्यापुढे प्रत्येक माप चौदा इंच वाढवून सांगत होती.

दुकानदार भला माणूस. आपली टेप गुंडाळत तो म्हणाला, "थंडीनं आकसली असेल साहेब."

साहेब घरी आले आणि त्यांनी माळ्यावरून आपली जुनी कचेरीची टिपणं काढली. डबीवर कोरलेला क्रमांक त्यांना तिथे सापडला. निकामी साठा, अनुक्रमांक सतरा, पोलादी टेप एक, जोड दिलेली, वापरास अयोग्य. खाली सही होती, आणि ती त्यांचीच होती. कचेरीतल्या मंडळींनी साहेबांना शोभेल अशी भेट शोधताना भांडारातली सगळ्यांत देखणी टेप उचलली होती, आणि ती देखणी राहिली होती कारण साहेबांनीच तिला बारा वर्षं कपाटाबाहेर पडू दिलं नव्हतं. लोकां सांगे ब्रह्मज्ञान म्हणतात ते असं दप्तरी नोंदीसह सहसा सापडत नाही.

तरीही मनात एक किडा वळवळत होता. त्यांनी बाजारातून नवी टेप आणली आणि स्वतःची जागा मोजली. कागदावर चाळीस फूट, भरली चाळीस फूट. मग जुन्या टेपनं मोजली. एकेचाळीस फूट दोन इंच. म्हणजे जुन्या टेपच्या हिशेबानं साहेबांनी स्वतःच्याच जागेवर चौदा इंचांचं अतिक्रमण केलं होतं. नऊ वर्षांत त्यांनी शिवणबाईंची जागा सोळा वेळा मोजली होती. स्वतःची एकदाही मोजली नव्हती, कारण तिच्याबद्दल शंका घ्यायला जागाच नव्हती.

काकूंनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या की शिवणबाई घरीच आहेत, आत्ता जाऊन सांगून या. साहेब म्हणाले, तसं चालत नाही. जे लेखी केलं ते लेखीच मागे घ्यायला हवं, अपील मागे घेतल्याशिवाय जैसे थे उठत नाही, आणि ते उठल्याशिवाय नुसतं बोलून खिडकी होत नाही. हे खरंच होतं. पण शिवणबाईंच्या दारात उभं राहून तोंडी सांगायची त्यांची हिंमत नव्हती, हेही तितकंच खरं होतं, आणि ते काकूंना न सांगता कळलं.

वकिलांचं ऑफिस दातांच्या दवाखान्याच्या बरोबर वर होतं. खालून दात कोरण्याचा आवाज सतत येई, त्यामुळे पक्षकार खुर्चीत बसेपर्यंत अर्धा नरम झालेला असे. साहेबांनी सात पानी अर्ज स्वतः लिहून नेला होता. त्यात टेपचा इतिहास, जोडाची आकृती आणि दोन्ही मापांचा तक्ता होता. वकिलांनी तो वाचला आणि खालचा आवाज थांबेपर्यंत वाट पाहिली.

"साहेब, वीस वर्षांत अपील मागे घेणारा पक्षकार मी पाहिला नाही," ते म्हणाले. "मेलेले पाहिलेत."

मग त्यांनी समजावलं. मागे घ्यायचंच असेल तर जरूर घ्या, पण कारण कोर्टाला लागत नाही. दोन ओळी पुरतात, घरगुती कारणास्तव अपील चालवायचं नाही. टेपचं नाव काढलंत तर उद्या गावभर होईल, आणि तेहेतीस वर्षांत ज्यांची ज्यांची वजनं तुम्ही जप्त केलीत ते सगळे दाराशी रांग लावतील. साहेबांच्या डोळ्यांपुढे ती रांग उभी राहिली. तिच्यात एक भाजीवाला होता, त्याचं तोंड त्यांना अजून आठवत होतं. साहेबांनी दोन ओळींच्या अर्जाला मान डोलावली आणि सात पानं घडी करून खिशात ठेवली.

काकूंना हे कळलं तेव्हा त्यांनी हातातलं भांडं खाली ठेवलं.

"घरगुती कारण म्हणजे कोण, मी का?" त्या म्हणाल्या. "चूक तुमची आणि कारण मी?"

त्यानंतर दोन दिवस घरात गरजेपुरतंच बोलणं झालं, त्यामुळे अर्जातलं कारण निदान तेवढ्यापुरतं खरं ठरलं.

बातमी गल्लीत पसरायला अर्धा दिवस लागला. निवृत्त हेडमास्तर सगळ्यांत आधी आले. त्यांनी साहेबांचा हात हातात घेतला आणि डॉक्टर काय म्हणाले ते विचारलं. अपील मागे घेतो म्हणजे माणसाला दुखणं लागलं असणार, असा त्यांचा सरळ तर्क होता. साहेबांनी प्रकृती ठणठणीत असल्याचं सांगितल्यावर ते जास्तच काळजीत पडले. मग कोपऱ्यावरचा औषधवाला आला. त्याचं म्हणणं, नऊ वर्षं झुंजल्यावर हात हलवत परत यायचं नसतं, निम्मे तरी घ्या. सात इंच तुमचे, सात बाईंचे. सात इंच रुंदीच्या जागेत काय ठेवता येतं, असं साहेबांनी विचारलं. औषधवाल्यानं बराच विचार केला आणि म्हणाला, काठी. साहेबांच्या मेहुण्यानं पत्र पाठवून कळवलं की यात शिवणबाईंची काहीतरी चाल आहे, सावध राहा. शिवणबाईंच्या बाजूच्या लोकांनी शिवणबाईंनाही हेच कळवलं होतं.

साहेबांची स्वतःची तऱ्हा मात्र पार बदलली होती. दुकानात गेले की तराजूकडे पाहायचेच नाहीत. जो पुडा मिळेल तो पिशवीत टाकून मान खाली घालून यायचे. दुकानदारांना हे असह्य झालं. त्यांतला एक तर पुढे येऊन म्हणाला की साहेब, एकदा काटा बघून घ्या, नाहीतर माझ्या मनाला बरं वाटत नाही. साहेब म्हणाले, तुम्ही म्हणता तेच बरोबर. तो दुकानदार दिवसभर उदास होता.

आता अर्ज दाखल करायचा तर अपिलाची फाइल हवी. कोर्टाच्या कचेरीत दाखल करायचे चार काउंटर होते, मागे घ्यायचा एकही नव्हता. पहिल्या काउंटरवरच्या कारकूनबाईंनी साहेबांना दुसऱ्याकडे पाठवलं, दुसऱ्यानं तिसऱ्याकडे, आणि तिसरा जेवायला गेला होता. तो आला तेव्हा कळलं की अपील दोन वर्षांपूर्वी दुसऱ्या न्यायालयाकडे वर्ग झालंय आणि त्याचा क्रमांक बदललाय, जुना क्रमांक दुसऱ्याच प्रकरणाला गेलाय. म्हणजे दोन वर्षं साहेब ज्या क्रमांकाच्या तारखा पाळत होते ते कुणा भलत्याचंच, एका विहिरीच्या वाटणीचं प्रकरण होतं. प्रत्येक तारखेला नुसता क्रमांक पुकारला जाई, विहिरीवाल्यांपैकी कुणी हजर होत नसे आणि पुढली तारीख पडे, त्यामुळे कुणाला काही वावगं वाटलं नव्हतं. शिवणबाईही कोर्टाबाहेरच्या पाटीवर तोच क्रमांक बघून त्याच बाकाच्या दुसऱ्या टोकाला इमानानं बसत. वकिलांना हे साहेबांनी सांगितलं तेव्हा ते म्हणाले की विहिरीचं प्रकरणसुद्धा आपल्या बाजूनं चाललं होतं.

खरी फाइल सापडली. तेव्हा सहीचं निघालं. अपिलावर साहेबांची सही चांगली लांबलचक होती, खाली दोन रेघा, शेवटच्या रेघेनं कागद फाटला होता. अर्जावरची सही म्हणजे कोपऱ्यात अंग चोरून बसलेली चार अक्षरं. कारकूनबाई म्हणाल्या की या दोन सह्या एका माणसाच्या नाहीत. साहेब म्हणाले, माणूस तोच आहे, फक्त तेव्हा रागात होता. बाई म्हणाल्या, मग तशीच करा. साहेबांनी प्रयत्न केला. मोजणीदाराचा चेहरा आठवला, त्याची बिनशिक्क्याची टेप आठवली, पण राग काही येईना, कारण टेप खरी होती. सही दर वेळी आणखीच बारीक होत गेली. दोन वाजेपर्यंत अकरा कोरे कागद फुकट गेले. मग बाईंनी कपाटाला कुलूप लावलं आणि म्हणाल्या, उद्या या. साहेबांनी बारावा कागद ओढला आणि हुबेहूब सही झाली, दोन रेघांसकट. बाईंनी ती निरखून पाहिली आणि अर्जावर शिक्का मारला.

अर्जाच्या सुनावणीला साहेब आणि वकील एका बाकावर बसले, शिवणबाई आणि त्यांच्या वकीलबाई दुसऱ्यावर. शिवणबाई साठीच्या, बारीक चणीच्या, चष्मा दोरीनं गळ्यात अडकवलेला. नऊ वर्षांत त्या एकाही तारखेला चुकल्या नव्हत्या. साक्षीच्या दिवशी त्यांना विचारलं होतं, भिंत बांधताना साहेबांची परवानगी घेतली होती का. त्यांनी सरळ सांगितलं होतं, नाही, जागा माझी होती. साहेबांनी त्या रात्री काकूंना म्हटलं होतं की बाई खोटं बोलत असती तर फार सोपं झालं असतं. तेव्हाही त्यांना बाईंचं कौतुकच वाटलं होतं, फक्त ते दाव्यात बसत नव्हतं.

पुकारा झाला. वकील उठले आणि घरगुती कारणास्तव अपील मागे घेत असल्याचं सांगून बसू लागले. तोच पलीकडच्या वकीलबाई उठल्या. त्यांचं म्हणणं होतं, एवढ्या वर्षांनी अचानक घरगुती कारण निघतं याचा अर्थ अपीलकर्ते उद्या नवी मोजणी घेऊन नवा दावा लावतील. आमच्या पक्षकाराला पुन्हा नऊ वर्षं फळ्यांआड बसवायचं नाही. कारण काय ते स्पष्ट सांगावं, नाहीतर आमची या अर्जाला हरकत आहे.

न्यायाधीश वयानं तरुण होते. त्यांनी साहेबांकडे पाहिलं आणि कुणाचा दबाव आहे का, असं विचारलं. साहेब म्हणाले, नाही. प्रकृती बरी आहे ना? बरी आहे. मग कारण काय?

वकिलांनी खालून साहेबांचा कोट ओढला. कोर्टात त्या दिवशी बरीच माणसं होती. मागच्या बाकावर हेडमास्तर होते, औषधवाला होता, आणि दारात उभा असलेला एक माणूस त्या भाजीवाल्यासारखा दिसत होता. साहेबांना वाटलं, इथे एक वाक्य गिळलं तर आपण पुन्हा पूर्वीचे मापसाहेब. गल्लीतल्या पोरांच्या उंच्या पुन्हा आपल्या रेघेनं ठरतील. आणि शेजारी एक बाई, साहेब आज ना उद्या परत येतील या धास्तीनं, खिडकी उघडतानासुद्धा विचार करेल. त्यांनी खिशातून सात पानं काढली.

वाचायची वेळ आली नाही. त्यांनी तोंडीच सांगितलं. टेपला जोड होता, जोडात चौदा इंच गेले होते, बाईंची जागा तीस फूटच आहे, पहिल्या दिवसापासून तीसच होती. मोजणीदाराची टेप बिनशिक्क्याची होती पण खरी होती, आपली शिक्क्याची होती पण खोटी. तेहेतीस वर्षं आपण दुसऱ्यांची मापं तपासली आणि आपलं तपासलं नाही. हे सगळं हुकुमात लिहून घ्यावं, म्हणजे पुढे कुणाला, आपल्यालासुद्धा, यावर पुन्हा दावा लावता येणार नाही.

कोर्टात कुणी हसलं नाही. साहेबांनी तेवढ्यासाठी मनाची तयारी करून ठेवली होती, ती तशीच राहिली. मग शिवणबाई उठल्या. त्यांच्या वकीलबाईंनी त्यांना बसवायचा प्रयत्न केला, पण त्या उभ्याच राहिल्या.

"साहेबांचं टेपचं हुकुमात लिहू नका," त्या म्हणाल्या. "जागा माझी आहे एवढं लिहा. मला तेवढंच हवं होतं."

साहेब म्हणाले, लिहायलाच हवं. बाई म्हणाल्या, गरज नाही. साहेब म्हणाले, नोंद अपुरी राहील. बाई म्हणाल्या, राहू दे, लोकांना फुकटचा विषय कशाला. दोन्ही वकील आपापल्या पक्षकाराला आवरत होते, पण कोणत्या बाजूनं आवरायचं हे त्यांना नक्की कळत नव्हतं. न्यायाधीशांनी थोडा वेळ ऐकून घेतलं. मग ते म्हणाले की जागेचा वाद मिटलेला दिसतो, आता चूक लिहायची की नाही एवढाच उरलाय, आणि यावर कुणी अपील करणार नसेल तर ते हुकूम देतात. अपील मागे घेतलं, नव्या दाव्याची मुभा नाही, जैसे थे उठवलं, आणि अपीलकर्त्यांनी आपली मोजणी सदोष असल्याचं स्वतःहून सांगितलं, अशी नोंद केली. नऊ वर्षांत साहेबांनी कोर्टात जिंकलेला हा एकमेव मुद्दा.

बाहेरच्या लांब पडवीत साहेब बाईंची वाट पाहत उभे राहिले. वकील हस्तांदोलन करून गेले. हेडमास्तर काहीतरी बोलायला आले होते, पण साहेबांचा चेहरा पाहून परत फिरले. बाई आल्या तेव्हा साहेबांनी विचारलं की टेपचं लिहायला तुम्ही हरकत का घेतलीत, तुमच्याच भल्याचं होतं.

"मला ठाऊक होतं," बाई म्हणाल्या.

"काय?"

"टेपचं. तुम्ही पहिल्यांदा मोजायला आलात तेव्हाच दिसलं. ठिगळ माझ्या नजरेतून सुटतं होय? चाळीस वर्षं तेच लावतेय. पितळेचं असलं म्हणून काय झालं, ठिगळ ते ठिगळ."

मग बोलला का नाहीत, असं साहेबांनी अगदी हळू विचारलं.

"बोलले होते की. म्हटलं, साहेब, एकदा माझ्या टेपनं बघता का. तुम्ही म्हणालात, कापडाच्या टेपनं घरं मोजत नाहीत." बाईंनी पिशवी या हातातून त्या हातात घेतली. "मग मलाही राग आला. म्हटलं, जाऊ दे. आमच्या वकीलबाई म्हणत होत्या, ती टेप कोर्टात मागवून घेऊ, दहा मिनिटांत निकाल. मी नको म्हटलं. नुकते निवृत्त झालेले तुम्ही, गल्ली तुमच्या शब्दावर चालणारी. मोजणीदाराच्या मापानं मी जिंकतच होते, मग माणसाला चारचौघांत उघडं कशाला पाडायचं? तुम्ही अपील कराल हे कुठं ठाऊक होतं? आणि केल्यावर वाटायचं, कधीतरी स्वतःची जागा मोजतील. माणूस मोजतोच."

पडवीतून लोक जात येत होते. साहेबांनी आयुष्यात बऱ्याच लबाड लोकांना लबाडी करताना पकडलं होतं, पण एवढी सरळ माणसं त्यांच्या वाट्याला फारशी आली नव्हती, आणि जी एक आली तिच्या घराशेजारी ते नऊ वर्षं हात मागे बांधून फिरले होते. त्यांना या बाईबद्दल इतका आदर दाटून आला की तो कुठे ठेवावा ते समजेना. त्यांनी कोर्टात जे सांगितलं होतं ते सगळं टेपबद्दल होतं, हे त्यांच्या तेव्हा लक्षात आलं.

"बाई, टेप खोटी नव्हती," ते म्हणाले. "तिच्यावर जोड ठोकलेला होता, आकडे स्पष्ट होते. मी वाचले नाहीत. चूक माझी."

"हे तेव्हा म्हणाला असतात तर माझा चष्म्याचा नंबर दोनदा वाढला नसता," बाई म्हणाल्या.

त्या हे रागानं म्हणाल्या नाहीत. त्यामुळेच साहेबांना ते जास्त लागलं, आणि त्यांनी माफी मागायला उघडलेलं तोंड मिटून घेतलं, कारण एवढ्याला पुरेल अशी माफी त्यांच्याकडे नव्हती. दोघं एकाच बसनं घरी आले. वाटेत बाईंनी लिनोलियम कुठून घेतलं ते विचारलं आणि साहेबांनी सांगितलं.

संध्याकाळी बोळात हातोडीचा आवाज आला म्हणून साहेब बाहेर आले. बाई एकट्याच फळ्या उपटत होत्या. दोन निघाल्या होत्या, तिसरीचा खिळा गंजून बसला होता. साहेबांनी तो काढला. फळ्या निघाल्यावर आतली खोली दिसली. यंत्र, कापलेल्या कापडांचे ढीग, आणि टेबलावर अजून जळत असलेला दिवा. बाईंनी आत जाऊन तो विझवला. मग म्हणाल्या की सकाळी सुतार चौकटीचं माप न्यायला येईल, पण नऊ वर्षांत भगदाडाच्या विटा ढासळल्यात, तेव्हा माप नव्यानं घ्यायला हवं. साहेब सवयीनं म्हणाले की थांबा, मी नवी टेप आणतो.

"टेप माझ्याकडे आहे," बाई म्हणाल्या आणि त्यांनी गळ्यातली कापडाची टेप काढली. कडा विरलेल्या, आकडे पुसट, पण सलग. "एकटीला पुरत नाही एवढंच. आकडा मी वाचते. तुम्ही टोक धरा."

तेहेतीस वर्षं साहेबांच्या हाताखाली टोक धरायला शिपाई असे आणि आकडा साहेब वाचत. टोक कसं धरतात, हे त्यांनी कधी नीट पाहिलंसुद्धा नव्हतं. बाईंनी ते त्यांच्या बोटांत दिलं, विटेच्या कडेला कुठे लावायचं ते दाखवलं, आणि हलू नका म्हणून सांगितलं.

साहेब हलले नाहीत.